संध्याकाळी मुलांनी जायचं कुठे? नागपूरच्या आयुक्तांना आणि सभापतींना खुले पत्र

प्रति,
मा. आयुक्त, नागपूर महानगरपालिका
मा. सभापती, नागपूर सुधार प्रन्यास

विषय: शाळांची मैदाने संध्याकाळी किशोरवयीन मुलामुलींसाठी उघडण्याबाबत

महोदय,

मी दक्षिण नागपुरातल्या एका शाळेत शारीरिक शिक्षण शिकवते. आठवी ते दहावीची मुलंमुली दिवसा माझ्यासमोर मैदानावर असतात. संध्याकाळी त्यांतलीच बरीच मुलं रस्त्यात दिसतात. कुणी पानठेल्याच्या आडोशाला, कुणी नव्या लेआउटमधल्या सुनसान रस्त्यावर, कुणी एका गाडीवर तिघं. सकाळी माझ्या शिट्टीवर रांगेत उभं राहणारं पोरगं संध्याकाळी इतकं वेगळं का वागतं, यावर जगभर बराच अभ्यास झाला आहे. त्या अभ्यासाचा आपल्या शहराच्या कारभाराशी थेट संबंध आहे, म्हणून हे पत्र.

एखादा अल्पवयीन मुलगा गाडीवर जीव गमावतो, कुठल्या भांडणात चाकू निघतो, कुठे गांजाची पुडी सापडते, की शहर हलतं. नाकाबंदी होते, ठेल्यांवर धाडी पडतात, शाळांना परिपत्रक येतं, आम्ही मुलांकडून व्यसनमुक्तीची शपथ घेतो. कायदेही कडक आहेत. मोटार वाहन कायद्यातल्या 2019च्या दुरुस्तीनुसार अल्पवयीन मुलाच्या हातून या कायद्याखालचा गुन्हा घडला तर पालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि 25,000 रुपये दंड होऊ शकतो. मी यातल्या कशाच्याही विरोधात नाही. पण यातून मुलाला एवढंच कळतं की काय करायचं नाही आणि कुठे थांबायचं नाही. सहा वाजता जायचं कुठे, हे त्याला कोणीच सांगत नाही.

"संध्याकाळी काय करता रे?" असं विचारलं की बहुतेकांचं उत्तर एकच असतं, "काही नाही मॅडम, राउंड मारतो." राउंड म्हणजे मित्राच्या गाडीवर मेडिकल चौक, सक्करदरा, पेट्रोल असलं तर थेट फुटाळा तलाव, आणि परत. वरवर पाहिलं तर यात वाईट काहीच नाही. पण 1996 साली डी. वेन ऑसगूड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अमेरिकेतल्या 18 ते 26 वयाच्या तरुणांचा अभ्यास प्रसिद्ध केला, त्यात गाडी घेऊन उगाच भटकणं ही तपासलेल्या सवयींपैकी एक होती. बरोबरीचे मित्र सोबत आहेत, जवळपास जबाबदार मोठं माणूस नाही आणि हातात ठरलेलं काही काम नाही, अशा तीन गोष्टी जुळलेला वेळ जितका जास्त, तितकं दारू, अमली पदार्थ, बेदरकार वाहन चालवणं आणि गुन्हे यांचं प्रमाण जास्त, असं त्यांना आढळलं. पुढे किशोरवयीन मुलांवरच्या अनेक अभ्यासांतही हेच दिसलं. मला यातलं सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं ते हे, की मूल मुळात वाया गेलेलं असावं लागत नाही. संधी समोर असली आणि टाळी द्यायला मित्र असले की चांगल्या घरचं, अभ्यासातलं पोरगंही भलतं करून बसतं.

2005 मध्ये मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग यांनी तीन वयोगटांना संगणकावर गाडी चालवण्याचा एक खेळ खेळायला दिला. सिग्नल पिवळा झाल्यावर गाडी कधी थांबवायची, हे खेळणाऱ्यानं ठरवायचं. काही जण एकटे खेळले, काहींच्या शेजारी त्यांच्याच वयाचे दोघं बसवले होते. 24 वर्षांवरच्यांना सोबतीचा फारसा फरक पडला नाही. 13 ते 16 वयाच्या मुलांनी मात्र मित्रांसमोर कितीतरी जास्त धोका पत्करला. आता हीच तिघं वर्धा रोडवर एका मोपेडवर आहेत असं समजा. दंडाची रक्कम त्या क्षणी त्यांच्यापैकी कुणाच्याच डोक्यात नसते.

हे ऐकून पालक पहिलं काय करतात, तर मित्र तोडतात. "त्या पोट्ट्यांसोबत दिसला तर बघ" म्हणून घरात बसवतात, आणि पोरगं दार लावून मोबाइल घेऊन बसतं. वर्गात मला रस्त्यावर फिरणाऱ्या मुलाची जितकी काळजी वाटते, तितकीच या दार लावून बसलेल्या मुलाची वाटते. 2015-16च्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात 13 ते 17 वयोगटातल्या 7.3 टक्के मुलांमध्ये मानसिक विकार आढळले होते. साठ मुलांच्या वर्गात चार मुलं म्हणजे हे प्रमाण. चौदाव्या वर्षी मित्र लागतातच, आणि जगणं सोसायला बळ मिळतं तेही बहुतेक वेळा मित्रांकडूनच. म्हणून त्या तीन गोष्टींपैकी मित्र राहू द्यावेत. उरलेल्या दोन, म्हणजे ओळखीचं मोठं माणूस आणि हाताला काहीतरी काम, यांची सोय करणं आपल्या हातात आहे.

सध्या ती सोय पानठेला करतो. हे मी विचार करून लिहिते आहे. संध्याकाळी वस्तीत फिरून पाहा. उद्यानातून शिपाई मुलांना हाकलतो, कारण ज्येष्ठ नागरिकांची तक्रार असते. शाळेला कुलूप असतं. मोकळ्या प्लॉटवर क्रिकेट खेळलं की शेजारी चिडतात. ठेल्यावर मात्र दिवा असतो, टेकायला फळी असते आणि नावानं हाक मारणारा माणूस असतो. मुलं आधी तिथे उभी राहायला जातात, खर्रा नंतर येतो. मग सुपारी, तंबाखू आणि चुना पन्नीत घोटून घेणं हा मोठं झाल्याचा पुरावा होऊन बसतो. जागतिक युवा तंबाखू सर्वेक्षणानुसार 2019 मध्ये देशातले 13 ते 15 वयाचे 8.5 टक्के विद्यार्थी कुठल्या ना कुठल्या रूपात तंबाखू घेत होते. सुपारीमुळे तोंड आखडत जातं, बोटं आत जाईनाशी होतात, हे विदर्भातल्या कुठल्याही दंतवैद्याला विचारा. शाळेपासून शंभर यार्डांत तंबाखूविक्रीला 2003च्या कायद्यानं बंदी आहे आणि ती पाळली गेलीच पाहिजे. पण ठेला हलवला तर त्याच्यासोबत तो दिवा आणि ती फळीही जाते. त्यांच्या जागी आपण काय ठेवणार?

"आम्ही ओपन जिम बसवल्या की," असं उत्तर मला बैठकीत मिळालेलं आहे. लेआउटालेआउटांत त्या आहेत, सकाळी आजी-आजोबा वापरतात, चांगलंच आहे. पण नुसती साधनं बसवून किशोरवयीन मुलांचं भागत नाही. स्वीडनमध्ये तरुणांसाठी गावोगावी करमणूक केंद्रं होती. बिलियर्ड, टीव्ही, संगीत, कॉफी, यायची-जायची मोकळीक. मोठी माणसं हजर असायची, पण काही घडवून आणायची नाहीत. 2000 साली जोसेफ महोनी आणि हाकन स्टॅटिन यांनी तिथल्या 14 वर्षांच्या मुलांचा अभ्यास केला. ठरलेल्या वेळी, कुणाच्या तरी मार्गदर्शनाखाली, काहीतरी शिकत पुढे जाणाऱ्या उपक्रमांत असलेल्या मुलांमध्ये समाजविघातक वर्तन कमी होतं. नुसत्या केंद्रांत जाऊन बसणाऱ्यांमध्ये ते जास्त होतं. मुळात तशीच मुलं तिथे जात असतील, अशी शंका घेता येते. पुढच्या वर्षी त्यांनी डेव्हिड मॅग्नुसन यांच्यासोबत स्वीडनमधल्याच मुलग्यांच्या वीस वर्षांच्या नोंदी तपासल्या, तेव्हा आधीचा फरक जमेस धरूनही केंद्रांत रमणाऱ्यांचं गुन्ह्यांचं प्रमाण जास्तच निघालं. सगळा प्रश्न माणसाचा आहे. त्या जागेवर रोज येणारं, मुलांना ओळखणारं आणि त्यांच्याकडून काहीतरी करवून घेणारं माणूस आहे का?

आइसलँडचं उदाहरण आता बऱ्याच लोकांना माहीत झालं आहे. तिथे 1998 मध्ये 15-16 वर्षांच्या 42 टक्के मुलांनी मागच्या महिन्यात झिंगेपर्यंत दारू प्यायल्याचं सांगितलं होतं. 2016 मध्ये हे प्रमाण 5 टक्क्यांवर आलं. रोज सिगारेट ओढणारी 23 टक्के होती, ती 3 टक्के राहिली. त्या काळात युरोपात इतरत्रही मुलांचं पिणं कमी झालं, त्यामुळे सगळं श्रेय एका योजनेला देता येणार नाही. तो देश चार लाखांहून कमी वस्तीचा, आणि 2011च्या जनगणनेतच आपलं शहर 24 लाखांचं होतं. तिथल्यासारखी रात्रीची संचारबंदी इथे कुणी सुचवली तर मी विरोधच करीन, कारण तिचा पहिला फटका वस्तीतल्या गरीब पोरांना बसेल. त्यांच्या दोन गोष्टी मात्र घेण्यासारख्या आहेत. राजधानी रेक्याविकनं खेळ, संगीत, नृत्य यांच्या शुल्कासाठी प्रत्येक मुलामागे वर्षाला पैसे दिले. आणि मुलांना नाव न विचारता नियमित सर्वेक्षण करून त्याचे निकाल त्या-त्या शाळेला आणि वस्तीला लगेच दिले. आपण मुलांबद्दल एवढं बोलतो, त्यांना विचारत कधीच नाही.

आता आपल्या मैदानांबद्दल. रेशीमबाग, चिटणीस पार्क, कस्तुरचंद पार्क ही नावं मोठी आहेत, पण तिथे सभा, प्रदर्शनं आणि मेळावे भरतात. मांडव उतरल्यावर मागे खिळे आणि खड्डे उरतात आणि मुलं त्यातून वाट काढत खेळतात. मानकापूरचं क्रीडा संकुल उत्तम आहे, पण शहराच्या दुसऱ्या टोकाला दिघोरीत राहणाऱ्या सातवीतल्या मुलीला ते रोजचं नाही. दरम्यान रिंग रोडच्या दोन्ही अंगांना टर्फ, म्हणजे कृत्रिम गवताची भाड्याची मैदानं, उभे राहिले. तासाला हजाराच्या आसपास, दहा-बारा जणांनी वर्गणी काढायची. ज्यांच्या घरी ती वर्गणी निघते ती मुलं हिरव्या जाळीच्या आत, आणि त्याच वर्गातली दुसरी मुलं जाळीबाहेर उभी राहून सामना बघतात.

याउलट, 2009च्या शिक्षण हक्क कायद्याच्या अनुसूचीनुसार प्रत्येक शाळेला खेळाचं मैदान असणं बंधनकारक आहे. ते अगदी लहान असेल, पण वस्तीत आहे, मुलांच्या पायाखालचं आहे, त्याला कुंपण आहे, नळ आहे, संडास आहे. साडेपाचला त्याला कुलूप लागतं. नागपूरच्या हवेत याचा अर्थ काय होतो? मे महिन्यात पारा पंचेचाळिशीला टेकतो, सातच्या आधी मैदानात पाय ठेववत नाही. डिसेंबरात साडेपाचच्या सुमाराला दिवस मावळतो. म्हणजे खेळायची खरी वेळ वर्षाचे बरेच महिने अंधारातच येते आणि तेव्हा मैदान बंद असतं. जागतिक आरोग्य संघटना म्हणते की 5 ते 17 वयाच्या मुलांनी रोज सरासरी तासभर दमवणारी हालचाल करावी. हा तास ट्यूशन संपल्यावर, दिव्याखाली खेळला तरच होणार आहे.

ट्यूशनचा विषय टाळता येत नाही. आठवीपासून फाउंडेशन क्लास, दहावीनंतर कोचिंगशी जोडलेलं टाय-अप कॉलेज, मग नीट किंवा जेईई. केंद्रीय शिक्षण मंत्रालयानं जानेवारी 2024 मध्ये कोचिंगसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या: 16 वर्षांखाली प्रवेश नको, दिवसाला पाच तासांहून अधिक वर्ग नकोत, आठवड्याची सुट्टी हवी. या सूचना शहरात पाळल्या जातात का, हे महापालिकेनं जिल्हा प्रशासनाला विचारावं. पण मैदान उघडताना त्याचाच आणखी एक क्लास करू नका, अशी माझी हात जोडून विनंती आहे. जुलै 2025 मध्ये जॉर्जियातल्या बाटुमीत आपल्या दिव्या देशमुखनं कोनेरू हम्पीला हरवून बुद्धिबळाचा महिला विश्वचषक जिंकला आणि ती ग्रँडमास्टर झाली, तेव्हा माझ्या शाळेतल्या मुली नाचल्या. तिचं कौतुक करावं तितकं थोडं. लगेच दुसऱ्या आठवड्यात पालक विचारायला लागले, कोणता क्लास लावू? माझ्याकडची बहुतेक मुलं कधीच जिल्हास्तरावरही जाणार नाहीत. त्यांना खेळायचा हक्क पदकाच्या आशेवर मिळू नये. 1989च्या बालहक्क करारात, ज्याला भारतानं 1992 मध्ये मान्यता दिली, कलम 31 मध्ये विश्रांती, फुरसत आणि खेळ हे हक्क म्हणूनच लिहिलेले आहेत.

मुलींचं वेगळं लिहायला हवं. मुलगे निदान राउंड मारतात. सातवीनंतर मुली मैदानावरून नाहीशा होतात. त्यांना खेळ आवडत नाही असं कोणी म्हणालं तर विश्वास ठेवू नका. शाळेच्या तासाला खो-खोत त्या माझं ऐकत नाहीत इतक्या रंगतात. संध्याकाळी मैदान मुलग्यांचं होतं, शेरे मारले जातात, कपडे बदलायला जागा नसते, परतीच्या रस्त्यावर दिवा नसतो. आई म्हणते, "गच्चीवर खेळ." घरात बसलेली मुलगी सुरक्षित आहे असं आपण धरून चालतो, पण तिच्या हातातल्या फोनवर कोण बोलतं आहे हे कुणालाच माहीत नसतं. म्हणून आठवड्यातले ठरावीक दिवस मैदान फक्त मुलींचं असावं, त्या दिवशी त्यांना खेळवणारी ताई हजर असावी, आणि ते वेळापत्रक फाटकावर मोठ्या अक्षरांत रंगवलेलं असावं.

हे सगळं बाहेरून आणायची गरज नाही, नागपूरला हे जमतं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीच्या मारबतीच्या मिरवणुकीआधी बडगे, म्हणजे चालू विषयांवर टीका करणारे पुतळे, तयार होताना महाल-इतवारीच्या गल्ल्यांत जा. बांबू चिरणारा काका, कागद चिकटवणारा नववीतला पोरगा, घोषणा रचणारा कॉलेजातला दादा. विषय निवडण्यावरून भांडणं होतात, वर्गणी गोळा होते, मुदत ठरलेली असते. कित्येक रात्री पोरं बाहेर असतात आणि कुणाच्या आईला घोर नसतो, कारण तिथे सगळ्या वयाची माणसं आहेत आणि हाताला काम आहे. ढोलताशा पथकांच्या सरावात, जुन्या आखाड्यांत, बुद्धविहारांतल्या अभ्यासिकांत हेच दिसतं. सणापुरतं जे आपोआप घडतं, ते वर्षभर टिकवायला पगारी माणूस लागतो. राष्ट्रसंत तुकडोजी महाराज नागपूर विद्यापीठातून बीपीएड, म्हणजे शारीरिक शिक्षणाची पदवी, घेऊन घरी बसलेली मुलंमुली मला रोज भेटतात. त्यांना काम द्या.

आणि त्या माणसाला सांगा की मुलांना थोडं धडपडू द्या. या वयाला थरार हवाच असतो. तो कुठेच मिळाला नाही तर पोरं तो वर्धा रोडवर शोधतात, नायलॉन मांजात शोधतात, उन्हाळ्यात खदानीच्या पाण्यात शोधतात. दरवर्षी एप्रिल-मे आला की कुणाचा तरी मुलगा बुडाल्याची बातमी येते. तिथे "पोहण्यास मनाई" असा फलक आधीपासूनच असतो. त्या मुलाला पोहायला शिकवलेलं नसतं. महापालिका शाळांच्या सातवीच्या मुलांना पोहणं शिकवणं, भिंतीवर चढायला दोर आणि पकडी लावणं, सायकलींच्या शर्यती भरवणं, रात्रीची कबड्डी, यात गुडघे फुटतील. आमच्या प्रथमोपचार पेटीत त्यावर औषध आहे.

महापालिकेचे दहा झोन आहेत. प्रत्येक झोनमधली एक शाळा निवडून येत्या सत्रापासून साडेपाच ते नऊ मैदान उघडा. पहिली निवड धरमपेठ आणि लक्ष्मीनगरपासून करू नका. सतरंजीपुरा, आसीनगर, नेहरूनगर इथून करा, जिथे घरं लहान आहेत आणि टर्फची वर्गणी निघत नाही. दिवे लावा. प्रत्येक मैदानावर एक दादा आणि एक ताई, मानधनावर, निदान तीन वर्षांसाठी. दर सहा महिन्यांनी माणूस बदलला तर मुलांचा विश्वास बसत नाही. मैदान सोमवार ते शनिवार कुठल्याही मांडवाला भाड्यानं देऊ नये, कुणाचाही फोन आला तरी. सुधार प्रन्यासच्या लेआउटमधल्या खेळासाठी राखीव जागांची यादी झोननिहाय जाहीर करा, म्हणजे पुढची मैदानं कुठे होतील ते नागरिकांनाही कळेल. उघडण्याआधी त्या शाळांतल्या मुलांना नाव न विचारता काही प्रश्न विचारा: संध्याकाळी कुठे असता, कुणासोबत, खर्रा खाता का, झोप किती, एकटं वाटतं का. वर्षानं पुन्हा तेच विचारा आणि काय निघेल ते, चांगलं असो वा वाईट, जाहीर करा. शाळा व्यवस्थापन समित्या तुटफुटीची भीती सांगतील. ती भीती खरी आहे, म्हणून दुरुस्तीचा खर्च शाळेवर न टाकता झोनच्या तरतुदीत धरा.

हे ठरवण्यासाठी बैठक बोलावलीत तर मी येईन आणि इतर शाळांतले शारीरिक शिक्षणाचे शिक्षकही येतील. त्या बैठकीला मुलांनाही बोलवावं, दर झोनमधून दोन मुलगे आणि दोन मुली. फक्त ती रविवारी दुपारनंतर ठेवा, इतर दिवशी आठपर्यंत त्यांच्यातल्या बऱ्याच जणांची ट्यूशन असते.

आपली,
शारीरिक शिक्षण शिक्षिका,
दक्षिण नागपूर